हाताखालचा माणूस

वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी काहीतरी इतिहासाचे लिहून द्या, असा संपादक भगिनींचा आग्रह झाला तेव्हा मी प्रथम नकारच दिला होता. चंद्रपूरचा किल्ला, मार्कंड्याचे देवालय, वैरागडचा पूर्वेतिहास या विषयांवर आपल्या भागातील जाणत्यांनी पुष्कळ लिहून ठेवले आहे. त्यात मी नवे ते काय सांगणार? परंतु त्याच आठवड्यात विषय आपण होऊन माझ्या दारी चालत आला.

दिवाळी सरली आणि धानाची कापणी उरकू लागली की झाडीपट्टीत नाटकांचा हंगाम सुरू होतो, हे वडसेकरांना सांगावयास नको. आपल्या गावातील नाटक मंडळांच्या कचेऱ्या गजबजू लागतात, खेड्यापाड्यांतून लोक तारखा ठरविण्यास येतात, आणि होळीपर्यंत एकही रात्र कोठे ना कोठे प्रयोग झाल्यावाचून जात नाही. अशाच एका संध्याकाळी शेजारची एक भगिनी माझ्याकडे आली. तिची मुलगी बी. ए. झाली आणि घरच्यांची कशीबशी संमती मिळवून एका नाटक मंडळात काम करू लागली. नटी म्हणून नव्हे, दिग्दर्शकाची सहायक म्हणून. आईच्या मनाला तेच खात होते.

"बाई," ती म्हणाली, "पोरगी सहायक आहे म्हणते. सहायक म्हणजे काय करते जी? पोस्टरवर सगळ्यांचं नाव आहे, हिचं नाही. रातभर जागते, वही घेऊन बसते, कोणाची पगडी, कोणाची तलवार सांभाळते. तिचे बाबा म्हणतात, सामान सांभाळायचं होतं तर घरचं काय कमी होतं?"

मी तिला त्या वेळी दिलेले उत्तर फारच तुटपुंजे होते. चित्रपटाचा आणि नाटकाचा इतिहास वाचण्याची मला तरुणपणापासून आवड आहे, आणि ती गेल्यावर मला एकामागून एक नावे आठवू लागली. त्या नावांच्या आधारे मी आज तिला सविस्तर उत्तर देत आहे. ते तिच्यापुरतेच नाही. आपणा सर्वांचे अर्धेअधिक आयुष्य कोणाच्या ना कोणाच्या हाताखाली काम करण्यात जाते. तेव्हा हाताखालच्या माणसाचे पुढे काय होते, हा प्रश्न आपलाही आहे.

प्रारंभ नाशिकच्या फाळके कुटुंबापासून करते. दादासाहेब फाळके यांचे 'राजा हरिश्चंद्र' हे चित्र मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात 3 मे 1913 रोजी प्रदर्शित झाले आणि भारतीय चित्रपटाचा श्रीगणेशा झाला, हे शाळेतील मुलेही जाणतात. परंतु त्या चित्रासाठी दागिने गहाण पडले ते त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांचे. कच्च्या फिल्मच्या कडेला छिद्रे पाडावी लागत, ती अंधारात बसून हातयंत्राने पाडीत त्या सरस्वतीबाई. फिल्म धुण्याची रसायने त्यांनी कालविली. चित्रीकरणाच्या वेळी ऊन नटांच्या तोंडावर पडावे म्हणून पांढऱ्या चादरी धरून त्या उभ्या राहिल्या, आणि हे सारे करून साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही त्यांनीच रांधला. आज ज्याला आपण सहायक म्हणतो, त्याची बहुतेक सर्व कामे या एका बाईने केली. भारतीय चित्रपटातील पहिला सहायक कोण, असे मला कोणी विचारले तर मी त्यांचेच नाव घेईन. पुढे दादासाहेबांचे नाव देशभर झाले, त्यांच्या नावे सरकारने पुरस्कार ठेवला. सरस्वतीबाईंचे नाव मात्र अलीकडे अलीकडेपर्यंत फारसे कोणी घेत नसे.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. त्या पहिल्या चित्रात तारामतीचे काम करावयास स्त्री मिळाली नाही. सण्णा-सभांत वावरणाऱ्या घरंदाज स्त्रिया तर सोडाच, कोणीच स्त्री पुढे येईना. शेवटी एका खानावळीत काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना लुगडे नेसवून तारामती करण्यात आले. त्यानंतर 'मोहिनी भस्मासुर' या चित्रात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई यांनी काम केले, आणि पडद्यावर प्रथमच स्त्रिया दिसल्या. तारामतीची ही गोष्ट मी पुढे पुन्हा काढणार आहे.

आता आपण कोल्हापुरास जाऊ, कारण हाताखालच्या माणसाने काय करून दाखविले याचे सर्वांत मोठे उदाहरण तेथले आहे.

कोल्हापुरात बाबूराव मेस्त्री नावाचे एक कलावंत होते. नाटक कंपन्यांचे पडदे रंगविण्यात त्यांचा आणि त्यांचे आतेभाऊ-मामेभाऊ नात्यातील आनंदराव यांचा हातखंडा होता. म्हणून लोक त्यांना पेंटर म्हणू लागले. 'राजा हरिश्चंद्र' पाहून या दोघा भावांना चित्रपटाचे वेड लागले. विलायती कॅमेरा घेण्यास पैसा नव्हता, तेव्हा आपणच कॅमेरा बनवावयाचा असा त्यांनी हिय्या केला. आनंदराव 1916 साली वारले. परंतु बाबूराव पेंटर यांनी खटपट सोडली नाही आणि अखेर कॅमेरा सिद्ध केला. महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिला भांडवल पुरविणाऱ्यांत तानीबाई कागलकर या गायिका होत्या, हे आपल्या मंडळाने आवर्जून लक्षात ठेवावे. मराठी चित्रपटाच्या पायात एका गाणाऱ्या बाईच्या कष्टाचा पैसा आहे.

त्या कंपनीचे 'सैरंध्री' हे चित्र 1920 साली पुण्यात लागले. त्यात स्त्रियांची कामे स्त्रियांनीच केली होती. कीचकवधाचा प्रसंग इतका खराखुरा उतरला की प्रेक्षक हादरून गेले आणि तो प्रसंग चित्रातून काढावा लागला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांचा 'सिनेमा केसरी' म्हणून गौरव केला.

त्याच वर्षी, 1920 साली, या कंपनीच्या आवारात एक अठरा-एकोणीस वर्षांचा तरुण कामाला आला. त्याचे नाव शांताराम राजाराम वणकुद्रे. पुढे जगाने त्यांना व्ही. शांताराम म्हणून ओळखले.

त्यांचा जन्म कोल्हापुरातच 18 नोव्हेंबर 1901 रोजी झाला. घरची स्थिती बेताची होती. शिक्षण फार झाले नाही. लहानपणी काही काळ ते गंधर्व नाटक मंडळीत होते. मग कुटुंबाबरोबर हुबळीस गेले. तेथे रेल्वेच्या कारखान्यात त्यांनी काम केले आणि एका पत्र्याच्या चित्रपटगृहातही पडेल ते काम केले. त्यांचे मावसभाऊ बाबूराव पेंढारकर हे महाराष्ट्र फिल्म कंपनीत होते. त्यांनी या मुलाला बाबूराव पेंटर यांच्यापुढे नेऊन उभे केले.

कंपनीत त्यांना नेमून दिलेले असे काही काम नव्हते. आमच्या शेजारणीच्या मुलीलाही नाही. सामान हलवावे, जागा झाडावी, रंगकाम करणाऱ्यांना हात द्यावा, फिल्म धुण्याच्या खोलीत मदत करावी, एखाद्या नटाची उणीव पडली तर तोंडाला रंग लावून उभे राहावे. 'सुरेखाहरण' या 1921 सालच्या चित्रात ते प्रथम पडद्यावर आले. 1925 साली 'सावकारी पाश' या चित्रात त्यांनी तरुण शेतकऱ्याचे काम केले. नारायण हरी आपटे यांच्या कथेवरचे हे मूकचित्र. सावकाराच्या कर्जात शेत जाते आणि शेतकऱ्याला शहरात मजूर म्हणून राबावे लागते, अशी त्याची गोष्ट. देवादिकांच्या आणि राजेरजवाड्यांच्या चित्रांचा तो काळ. त्यात गरीब शेतकऱ्याची झोपडी पडद्यावर आली. धान पिकविणाऱ्या आणि कर्ज काढणाऱ्या आपल्या भागातील माणसाला त्या गोष्टीचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

ही उमेदवारी किती काळ चालली? 1920 पासून 1929 पर्यंत, म्हणजे जवळजवळ नऊ वर्षे. इतक्या अवधीत त्यांनी काय मिळविले, याचा मी पुष्कळ विचार केला आहे.

पहिली गोष्ट म्हणजे, बाबूराव पेंटर हे चित्रकार होते. प्रसंग कसा दिसावा, पात्राचा पोशाख कसा असावा, हे ते आधी कागदावर काढीत. सपाट रंगीत पडद्यांच्या जागी त्यांनी खरीखुरी वाटणारी दालने उभी केली. 'सिंहगड' या 1923 सालच्या चित्रात त्यांनी रात्रीच्या प्रसंगासाठी कृत्रिम प्रकाश वापरला. हे सारे एखाद्या पुस्तकात लिहिलेले नव्हते आणि ते शिकविण्याची शाळा तेव्हा देशात नव्हती. जो जवळ उभा राहून दिवा धरीत होता, त्यालाच ते कळत होते. दिवा धरणाऱ्याला सावली कोठे पडते ते प्रथम दिसते.

दुसरी गोष्ट म्हणजे, एकाच माणसाला सर्व खाती फिरावयास मिळाली. नट फक्त आपले काम जाणतो, रंगारी आपला रंग जाणतो. हाताखालच्या माणसाला कोणीही हाक मारतो, म्हणून तो सर्वत्र जातो. त्याला कमीपणा म्हणावा तर म्हणता येईल. परंतु दिग्दर्शकाला नेमके तेच हवे असते. घरात धाकट्या सुनेला सर्वजण हाका मारतात आणि दहा वर्षांनी घराची कोणती वस्तू कोठे आहे हे तिच्यावाचून कोणालाच ठाऊक नसते, तसेच हे आहे.

1927 साली 'नेताजी पालकर' या चित्राचे दिग्दर्शन करण्याची संधी त्यांना मिळाली. त्यात केशवराव धायबर त्यांच्या जोडीला होते. हाताखालच्या माणसाला कोणीतरी एकदा म्हणावे लागते की, आता हे तू कर. सरस्वतीबाई आणि शांताराम यांनी केलेली कामे ताडून पाहा. दोघांनी फिल्म धुतली, दोघांनी ओझी वाहिली, दोघांनी दुसऱ्याच्या स्वप्नासाठी हाडे झिजविली. एकाला हे वाक्य ऐकावयास मिळाले, दुसरीला मिळाले नाही. मला तरी दोघांत याखेरीज दुसरा फरक दिसत नाही.

1 जून 1929 रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. विष्णुपंत दामले, साहेबमामा फत्तेलाल, केशवराव धायबर आणि शांताराम हे चौघे महाराष्ट्र फिल्म कंपनीतूनच बाहेर पडले होते. सीतारामपंत कुलकर्णी या सराफांनी भांडवल घातले. चौघेही बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली तयार झालेले. गुरूला मात्र हा घाव जिव्हारी लागला असेल. चार कर्ती माणसे एकदम गेल्यावर ती जुनी कंपनी फार काळ टिकली नाही. शिष्य मोठा होतो तेव्हा गुरूचे घर रिकामे होते, ही गोष्टही लपवून ठेवू नये.

प्रभातची प्रथम काही मूकचित्रे झाली. मग बोलपटांचे युग आले आणि 1932 साली 'अयोध्येचा राजा' हा मराठीतील पहिला बोलपट शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली निघाला. कथा तीच, हरिश्चंद्राची. परंतु तारामती? या वेळी तारामती होत्या दुर्गाबाई खोटे. प्रतिष्ठित घराण्यातील, शिकलेल्या. एकोणीस वर्षांपूर्वी ज्या भूमिकेसाठी एकही स्त्री मिळाली नव्हती, त्याच भूमिकेत अशी स्त्री उभी राहिली आणि तिने स्वतःच्या आवाजात संवाद म्हटले, पदे गायिली. 1913 ते 1932 या काळात समाज किती चालून आला हे मोजावयाचे असेल तर एका तारामतीपासून दुसऱ्या तारामतीपर्यंत मोजावे. पुढे दुर्गाबाईंना 1983 सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. शांताराम यांना तो 1985 सालचा मिळाला. दिग्दर्शकाच्या आधी नटीचा मान झाला, हे वाचून मला मनापासून आनंद वाटला होता.

प्रभात 1933 साली पुण्यास आली. 'अमृतमंथन', 'धर्मात्मा', 'अमरज्योती' अशी एकापेक्षा एक चित्रे शांताराम यांनी तेथे केली. 'अमरज्योती'मध्ये दुर्गाबाईंनी अन्यायाविरुद्ध उठलेल्या, जहाजावर राज्य करणाऱ्या स्त्रीचे काम केले. परंतु आपल्या मंडळाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे चित्र 1937 सालचे 'कुंकू'. नारायण हरी आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर ते आधारलेले आहे. पोरक्या नीरेचे लग्न तिचा मामा फसवून म्हाताऱ्या विधुर वकिलाशी, काकासाहेबांशी, लावून देतो. नीरा त्या घरात येते, पण नवरा म्हणून त्याला मानावयास नकार देते. शांता आपटे यांनी नीरेचे काम केले आणि केशवराव दाते यांनी काकासाहेबांचे. काकासाहेबांच्या समाजकार्य करणाऱ्या मुलीच्या भूमिकेत शकुंतला परांजपे होत्या. रँग्लर परांजपे यांच्या या कन्येने पुढे कुटुंबनियोजनाचे कार्य केले, तेही लोक त्या विषयाचे नाव घेण्यास लाजत असत अशा काळात.

मी 'कुंकू' प्रथम पाहिले ते लग्न झाल्यावर, दूरदर्शनवर. त्यातील दोन गोष्टी माझ्या मनातून अद्याप गेलेल्या नाहीत. एक म्हणजे त्या घरातील जुने लंबकाचे घड्याळ. ते काकासाहेबांच्या वयाचे, त्यांच्या सरत्या आयुष्याचे जणू बोलके रूप आहे. दुसरी गोष्ट अशी की, त्या चित्रात प्रसंगामागे वाद्ये वाजत नाहीत. घरातले, रस्त्यावरचे जे आवाज खरोखर होतील तेवढेच ऐकू येतात. दुःखाच्या प्रसंगी सारंगी नाही, रागाच्या प्रसंगी नगारा नाही. घड्याळाची टिकटिक मात्र आहे. हे सुचले कसे, असा प्रश्न मला नेहमी पडे. आज वाटते, ज्याने नऊ वर्षे सामान हलविले त्यालाच हे सुचावे. वस्तू उचलणाऱ्याला वस्तूचे वजन ठाऊक असते. प्रसंगात एक घड्याळ किती काम करील, हे ज्याने स्वतःच्या हातांनी घड्याळे भिंतीवर टांगली आणि उतरविली तोच जाणतो.

त्या चित्राविषयी माझी एक तक्रारही आहे. शेवटी काकासाहेब पश्चात्तापाने स्वतःचे जीवन संपवितात आणि नीरा मोकळी होते. म्हणजे एवढी झुंजार मुलगी, तिलाही सुटका मिळते ती नवऱ्याने दिली म्हणून. 1937 साली यापुढे जाणे कठीण होते हे मी मान्य करते. तरी आज आपल्या मुलींना ते चित्र दाखविताना हा प्रश्न विचारावयास हवा. दिग्दर्शकाच्या घरातही त्यांच्या चित्रांहून वेगळी गुंतागुंत होती. त्यांचे तीन विवाह झाले. चित्र मोठे म्हणून चित्र काढणाऱ्याचे सारेच जीवन आदर्श मानावे असे नाही, आणि त्याच्या जीवनात उणीव म्हणून चित्र टाकून द्यावे असेही नाही.

1939 साली 'माणूस', 1941 साली 'शेजारी' अशी चित्रे केल्यावर शांताराम 1942 साली प्रभातमधून बाहेर पडले. मुंबईस परळ येथे त्यांनी राजकमल कलामंदिर ही संस्था काढली. राजाराम हे वडिलांचे नाव आणि कमल हे आईचे. दोहोंचे मिळून राजकमल. 'शकुंतला', 'डॉ. कोटणीस की अमर कहानी', हुंड्याच्या चालीवरील 'दहेज', 'अमर भूपाळी', 'झनक झनक पायल बाजे' ही चित्रे तेथे झाली. 1957 सालचे 'दो आँखें बारह हाथ' हे औंध संस्थानातील स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगाच्या प्रयोगावरून सुचलेले, कथा ग. दि. माडगूळकर यांची. त्या चित्रात बैलाशी झुंजीचा प्रसंग करताना शांताराम यांच्या डोळ्यांना गंभीर इजा झाली होती. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात 1958 साली त्या चित्राचा गौरव झाला. 1972 सालच्या 'पिंजरा'ने तर खेड्यापाड्यांत वेड लावले. डॉ. श्रीराम लागू, संध्या, निळू फुले यांची ती कामे आपल्यातील ज्येष्ठ भगिनींना आठवत असतील. 30 ऑक्टोबर 1990 रोजी शांताराम यांचे निधन झाले. 1992 साली त्यांना मरणोत्तर पद्मविभूषण देण्यात आले.

परंतु या सर्व यशात मला जी गोष्ट सर्वांत मोठी वाटते तिचा उल्लेख मी मुद्दाम मागे ठेवला आहे. 1947 साली राजकमलचे 'लोकशाहीर रामजोशी' हे चित्र आले. त्याच्या दिग्दर्शनात कोण होते? बाबूराव पेंटर! ज्यांच्या आवारात एके काळी शांताराम झाडू मारीत होते, ते गुरू आता शिष्याच्या संस्थेत चित्र करीत होते. ते पुरे करण्यात शांताराम यांचाही हात लागला. ज्याने घर रिकामे केले, त्यानेच अठरा वर्षांनी गुरूला आपल्या घरी बोलावून मानाच्या जागी बसविले. बाबूराव 1954 साली वारले. त्यापूर्वी ही परतफेड झाली, हे फार बरे झाले.

प्रभात ही पुढच्या पिढीचीही शाळा ठरली. 'कुंकू'मध्ये काकासाहेबांच्या मुलाचे काम करणारे राजा नेने प्रभातमध्येच तयार झाले आणि दिग्दर्शक झाले. शांताराम सोडून गेल्यानंतर 1944 साली गुरुदत्त नावाचा एक तरुण तेथे आला. सहायक दिग्दर्शक म्हणून आणि नृत्यांचे काम पाहणारा म्हणून त्याने उमेदवारी केली. 'प्यासा' आणि 'कागज के फूल' ही त्याच गुरुदत्त यांची चित्रे. प्रभात 1953 साली बंद पडली. परंतु तिच्याच आवारात 1960 साली सरकारने चित्रपट शिक्षणाची संस्था सुरू केली. जे शिक्षण पूर्वी ओझी वाहून मिळत असे ते आता वर्गात मिळते, आणि मुलींनाही मिळते.

आणि स्त्रियांचे काय? गुरुदत्त यांची बहीण ललिता लाजमी या नामांकित चित्रकार होत्या. त्यांची मुलगी कल्पना हिने श्याम बेनेगल यांच्या हाताखाली सहायक म्हणून प्रारंभ केला. 'भूमिका' या 1977 सालच्या चित्रात तिने वेशभूषेच्या कामात मदत केली; हंसा वाडकर या मराठी नटीच्या आत्मकथनावरचे ते चित्र. म्हणजे तिचेही पहिले काम कोणाचे पातळ, कोणाचे दागिने सांभाळण्याचे! पुढे तिने स्वतः चित्रे दिग्दर्शित केली आणि 1993 सालच्या 'रुदाली'ने तिचे नाव झाले. कल्पना लाजमी 2018 साली निवर्तल्या. फिल्मला छिद्रे पाडणाऱ्या सरस्वतीबाईंपासून 'रुदाली'पर्यंत ऐंशी वर्षे लागली. परंतु शेवटी एका हाताखालच्या मुलीला ते वाक्य ऐकावयास मिळाले की, आता हे तू कर.

आता पुन्हा वडशास येते. आपल्या झाडीपट्टी रंगभूमीचा मान आज देशात वाढला आहे. गडचिरोली जिल्ह्यातील ज्येष्ठ कलावंत परशुराम खुणे यांना 2023 साली पद्मश्री मिळाली तेव्हा आपण सर्वांनी पेढे वाटले. आपल्याकडेही पूर्वी लुगडी नेसून पुरुषच स्त्रियांची कामे करीत. आज आपल्या रंगमंचावर स्त्रिया कामे करतात. नाटक दिग्दर्शित करणाऱ्या स्त्रिया मात्र अजून हाताच्या बोटांवर मोजाव्या लागतील. ही वाट कोठून सुरू होईल? मला वाटते, अंगणात वही घेऊन बसलेल्या त्या मुलीपासून होईल. झाडीपट्टीच्या नाटकात तालमी थोड्या आणि प्रयोग पुष्कळ. त्यामुळे प्रॉम्प्टरवाचून कोणाचे चालत नाही. रात्री दोन वाजता नटाचा शब्द अडतो तेव्हा साऱ्या नाटकाचा भार त्या वहीवर येतो. त्या वेळी सगळे नाटक जिला पाठ असते ती मुलगी काहीच करीत नाही, असे कोण म्हणेल?

माझ्या शेजारणीला मी आता एवढेच सांगेन. मुलगी काय सांभाळते याची चिंता करू नकोस. ते करताना ती काय पाहते, एवढे तिला अधूनमधून विचारीत जा. पगडी सांभाळता सांभाळता पगडी कोणत्या प्रसंगी उतरवावी हे तिला कळू लागले असेल, तर तिची शाळा चालू आहे असे समज. नुसतीच पगडी कळत असेल आणि दोन-तीन हंगामांत कोणी तिला एकही प्रसंग बसवू दिला नाही, तर मात्र त्या मंडळाला सोडून दुसरे पाहण्यास तिला खुशाल सांग. शांतारामांनीही गुरूचे घर सोडलेच होते. उमेदवारीला शेवट असावा लागतो. शेवट नसलेल्या उमेदवारीला राबणूक म्हणतात, आणि ती आपण बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या केलेली आहे.

आणि मंडळाला माझी एक विनंती आहे. दर वर्षी वर्धापनदिनाला आपण नाटिका बसवितो. कार्यक्रमपत्रिकेवर काम करणाऱ्यांची नावे येतात, पाहुण्यांची येतात, देणगीदारांची तर ठळक अक्षरांत येतात. पडदा ओढणारी, लुगड्यांना इस्त्री करणारी, तालमीला चहा आणणारी, मागे उभी राहून शब्द सुचविणारी, यांची नावे आजवर कधी छापली नाहीत. संपादक भगिनींजवळ मी हे बोलले आणि त्यांनी ते लगेच मान्य केले. या स्मरणिकेच्या शेवटच्या पानावर यंदा प्रथमच ती नावे येत आहेत. लेख वाचून झाला की ते पान अवश्य उघडावे, आणि पुढच्या वर्षीची नाटिका त्यांतील कोणाकडे बसवावयास द्यावी याचा विचार आतापासूनच करावा.